अंगणातला यूनानी

दुसऱ्याच्या घरात राहायचं, दुसऱ्याच्या हातचं खायचं, दुसऱ्याच्या सात पिढ्यांची चौकशी करायची आणि आपल्याबद्दल कुणी विचारलं की खिडकीबाहेर बघायचं. याला कुणी शहाणपण म्हणत असेल, मी म्हणत नाही. आमच्या बाणकोटात याला घुमेपणा म्हणतात. थोडू तसा होता. माझा नवरा कसा वारला, तांदूळ कुठून येतो, पाणी कोण भरतं, सून उलट बोलते का, सगळं विचारून झालं. मी एकदाच विचारलं, "तुझी आई आहे का रे?" तर म्हणतो, "चहा फार छान झालाय." चहा छान झालाय हे मला ठाऊक होतं. मी केला होता.

नाव त्याचं थोडोरीस. एवढं लांबलचक नाव हाकेला कामाचं नाही, म्हणून मी थोडू केलं. जेवायचाही थोडंच, तेव्हा नाव शोभून दिसलं.

तो आला त्या हिवाळ्यात इंग्रज आता या आखातातून जाणार अशी बातमी रेडिओवर सारखी चालू होती. दुबईत जो तो त्याचीच चर्चा करी. माझा मुलगा नूरुद्दीन एका शिपिंग एजंटाच्या ऑफिसात कारकून. एक दिवस दुपारी जेवताना म्हणाला, "अम्मी, आपली बाहेरची खोली एका यूनानीला देऊ या का? उन्हाळ्यापर्यंत राहील. साहेबांच्या ओळखीतला आहे."

आता यूनानी म्हटल्यावर आमच्या कोकणाकडच्या बाईच्या डोळ्यांसमोर दुसरं काय येणार? हकीम! बाणकोटला आमच्या मशिदीच्या वळणावर हकीमसाहेबांचं दुकान होतं, वर पाटी, ‘यूनानी दवाखाना’. माझ्या सासूचा दमा, माझं पोट, नूरुद्दीनचं लहानपणचं खोकणं, सगळं त्यांच्या माजूनवर आणि काढ्यावर निभावलं. यूनान नावाचा एक मुलूख असतो आणि तिथं माणसं राहतात, हे मला कुणी कधी सांगितलं होतं? दुसरीच्या पुस्तकात नव्हतं. तिसरीत मी गेलेच नाही.

मी म्हटलं, "दे की. नेकी आणि पूछ पूछ?"

देऱ्यात, म्हणजे दुबईच्या आमच्या वस्तीत, कोकणातली घरं तेव्हा मोजकी. इस्पितळ होतं, तिथला डॉक्टरही भला माणूस होता. पण तो विचारायचा इंग्रजीत, आणि आमच्या बायकांचं दुखायचं मराठीत. म्हणून मी शेजारच्या अन्वरीला सांगितलं की माझ्याकडे यूनानी हकीम येतोय. अन्वरीला सांगितलं म्हणजे खोराच्या, म्हणजे इथल्या खाडीच्या, दोन्ही काठांना सांगितलं. तिला वेगळी होडी लागत नाही.

तो आला त्या दिवशी माझ्या अंगणात चटया अंथरलेल्या आणि बायका बसलेल्या. कुणाचा गुडघा, कुणाची कंबर, कुणाचं डोकं. बाहेरच्या दारानं एक उंच, वाळका, अर्धे केस पिकलेला गोरा माणूस आत आला. कानावर सिगरेट, आणि मागून हमालाच्या डोक्यावर लोखंडी पेट्या.

अन्वरी म्हणाली, "बघ गो, दवाच्या पेट्या! नुसत्या बाटल्या नाहीत, अख्ख्या पेट्या!"

तेवढ्यात माझी सून अजरा स्वयंपाकघरात धावत आली. मुंबईची मॅट्रिक, इंग्रजी फाडफाड. तोंडावर पदर, हसू दाबलेलं. "अम्मी, गडबड झाली. यूनान म्हणजे ग्रीस. हा ग्रीक आहे. जर्नलिस्ट आहे, पेपरवाला. राजकारणावर फिल्म काढतो. खऱ्या लोकांची, नाचगाण्याची नाही. पेट्यांत कॅमेरा आहे!"

मी बाहेर बघितलं. अन्वरीनं गुडघा उघडाच ठेवला होता.

शब्द मागे घ्यायची मला सवय नाही. अन्वरीच्या समोर तर मुळीच नाही. मी म्हटलं, "त्याला सांग, बायका थांबल्यात. जरा विचारपूस करून घे म्हणावं."

"अम्मी, तो डॉक्टर नाहीये!"

"पेपरवाला आहे ना? मग विचारणं हेच त्याचं काम. विचारू दे."

अजरानं त्याला काय सांगितलं कोण जाणे. तो मोठ्यांदा हसला, मग गंभीर झाला आणि हात जोडून म्हणाला, तेही अरबीत, कारण लहानपणी काही वर्षं मिसरात, म्हणजे इजिप्तात, काढलेली, "मी हकीम नाही. औषध मला येत नाही. मला फक्त विचारता येतं."

अन्वरी माझ्या कानाला लागली, "मोठे हकीम असंच म्हणतात. आमचे हकीमसाहेब पण म्हणायचे, बरं करणारा मी कोण."

बसला तो. खुर्ची दिली ती बाजूला सारली आणि खजुराच्या एका खोक्यावर बसला, बायकांपेक्षा खाली. अजरा मधे. अन्वरीला विचारलं, "कधीपासून दुखतं?" मग, "त्याच्या आधी घरात काय झालं होतं?" आणि मग गप्प. नुसता बघत राहिला, तेही चेहऱ्याकडे नाही, चटईकडे. माणूस गप्प बसला की समोरच्या बाईला राहवत नाही. अन्वरीला तर कधीच राहवलं नाही. गुडघा सुरू झाला होता पाण्याच्या डब्यांपासून, तो गेला नवऱ्याच्या लाँचवर, तिथून गावी सासूकडे, आणि शेवटी सासूनं लग्नात न दिलेल्या बांगड्यांवर येऊन थांबला. तिनं डोळे पुसले, उठली, आणि पायऱ्या चढून गेली. गुडघा होता तसाच सुजलेला होता, मी पाहिला. पण चढून गेली.

मग काय! दर शुक्रवारी पुरुष मशिदीत गेले की माझं अंगण भरायचं. दवा नाही, पुडी नाही, तरी बायका बऱ्या होऊन जायच्या. त्यानं दर वेळी सांगितलं की मी हकीम नाही. दर वेळी कुणी ऐकलं नाही. मीही ‘यूनानी आहे’ एवढंच म्हणायचे. आणि ते तर खरंच होतं.

तो मला ‘सित्त रुकय्या’ म्हणायचा. पहिल्यांदा मला वाटलं सीता म्हणतोय. अजरानं सांगितलं, मिसरात बाईमाणसाला मानानं तसं म्हणतात. मग मी चालू दिलं.

त्याचं सगळं आम्हाला नूरुद्दीनकडून कळायचं, कारण त्याच्या तोंडून तर काही निघायचं नाही. मोठ्या पेपरात होता. मंत्र्यांच्या मागे फिरायचा, लाच खाल्लेल्यांची नावं छापायचा. मग लिहून कुणी सुधारत नाही म्हणून कॅमेरा घेतला. पहिली फिल्म काढली ती त्याच्या स्वतःच्या गावावर. गावातले सगळे पुरुष जर्मनीच्या कारखान्यात गेले, मागे नुसत्या बायका आणि बकऱ्या.

"म्हणजे आपलं बाणकोटच की," मी म्हटलं.

"तसंच," नूरुद्दीन म्हणाला. "फिल्म खूप गाजली. सरकारला राग आला. मग त्या मुलखात लष्करानं गादी घेतली. कर्नल लोक बसले. पेपर बंद, फिल्म बंद, याचे दोस्त जेलमध्ये. हा त्या वेळी बाहेर होता म्हणून वाचला. आता पासपोर्ट संपलाय, कर्नल नवीन देत नाहीत. एका विलायती टेलिव्हिजन कंपनीनं त्याला इथं पाठवलंय, इंग्रज जाणार त्यावर फिल्म काढायला. त्या कंपनीच्या कागदावर तो इथं राहतोय. फिल्म जमली तर पुढचं काम. नाही जमली तर खलास. मायदेश नाही, दुसरा देश घेत नाही. जायचं कुठं?"

आणि फिल्म जमत नव्हती. रोज सकाळी कॅमेरा घेऊन जायचा. साहेब लोक झाले, शेख लोक झाले, समुद्रातली तेलाची विहीर झाली, शारजाचा विमानतळ झाला. फिल्म विमानानं पाठवली. उत्तर आलं की हे सगळं आम्ही बातम्यांत बघितलंय. दोन दिवस तो खोलीत पडून होता. मी बोंबलाचं कालवण पाठवलं, ते तसंच परत आलं. तेव्हा मला पहिल्यांदा त्याची काळजी वाटली. माझं कालवण परत येत नाही.

त्यानंतर त्याच्या खोलीच्या खिडकीत, अंगणाच्या बाजूला, एक काळा दांडा दिसायला लागला. अजरानं विचारलं तर म्हणाला, कबुतरांचा आवाज घेतोय, लाँचच्या भोंग्याचा आवाज घेतोय. घे बाबा, कबुतरं काय माझ्या बापाची आहेत?

एक दिवस दुपारी मी सांदणं केली. गरम गरम वाडग्यात घालून त्याच्या खोलीकडे निघाले. दार लावलेलं. आणि आतून रशीदाचा आवाज!

रशीदा म्हणजे आमच्या गल्लीच्या टोकाला राहणारी. लग्न होऊन थोडी वर्षं झालेली, मूल नाही, नवरा जहूर जहाजावर खलाशी. गरीब गाय, चार माणसांत मान वर करायची नाही. आणि ती परक्या पुरुषाच्या खोलीत, बंद दाराआड? माझ्या घरात? जहूरला काय तोंड दाखवू? गल्लीत काय सांगू?

खांदा मारून दार उघडलं. आत थोडू एकटा. समोर टेबलावर ते आवाजाचं मशीन, त्याची चाकं फिरतायत, आणि त्यातून रशीदा बोलतेय:

"मला काही दुखत नाही. मी इथं येते कारण इथं मला कुणीतरी विचारतं. जहूर घरी येतो तेव्हा तोही विचारतो. तेल आहे का, तांदूळ आहे का."

मला आधी हायसं वाटलं. रशीदा खोलीत नव्हती, अल्लाचे उपकार. आणि लगेच दुसरा विचार आला आणि डोकं तापलं. खिडकीतला काळा दांडा. कबुतरं!

"अजरा!" मी ओरडले. अजरा आली. मी म्हटलं, "याला विचार, ही कबुतरं मराठी कधीपासून बोलायला लागली?"

थोडू उभा राहिला. लपवाछपवी केली नाही, एवढं म्हणेन. म्हणाला, "आधी सांगितलं तर माणसं रेडिओसारखी बोलायला लागतात. खरं बोलणं मरतं. मी आधी आवाज घेतो, नंतर परवानगी मागतो. आमच्या धंद्यात असंच करतात. मी विचारणार होतो."

"आधी उचलायचं, मग विचारायचं," मी म्हटलं. "मग इंग्रजानं वेगळं काय केलं रे? त्याच्यावरच फिल्म काढायला आलास ना?"

हे अजराला इंग्रजीत सांगायला लागलं नाही. मी अरबी-हिंदी मिसळून असं सांगितलं की भिंतीलाही कळलं असतं. त्यानं सिगरेट विझवली. खाली बसला. मग हळूहळू अजराकडे बघून बोलला. त्यानं कंपनीला माझ्या अंगणाबद्दल कळवलं होतं. या बायकांचे पुरुष इंग्रजांच्या बंदरात, जहाजावर, ऑफिसात राबतात. इंग्रज जाणार म्हटल्यावर यांच्या घरात काय हलतं, ते या आवाजांत आहे. कंपनीनं ताबडतोब उत्तर दिलं, हेच पाहिजे, हे पाठव. त्यातही रशीदाचं हे बोलणं. असं बोलणं त्याला इतक्या वर्षांत मिळालं नव्हतं. हे नसेल तर फिल्म नाही.

आणि फिल्म नाही तर काय, ते मला नूरुद्दीननं सांगितलेलंच होतं. मी काही दगड नाही. पण रशीदाही कुणाची तरी मुलगी आहे, आणि ती माझ्या अंगणात बोलली होती.

मी म्हटलं, "शुक्रवारी बायका येतील. सगळ्यांसमोर वाजव. जिचा आवाज तिची मर्जी. जी नको म्हणेल तिचं पुसायचं, तिच्या डोळ्यांदेखत."

"आणि सगळ्याच नको म्हणाल्या तर?"

"तर तुझं नशीब. इन्शाल्ला म्हण आणि सांदणं खा, गार होतायत."

त्यानं सांदणं खाल्ली नाहीत.

शुक्रवारी मशीन अंगणात आलं. मी सगळ्यांना सरळ सांगितलं की हा हकीम नाही, पेपरवाला आहे. यूनान हा मुलूख आहे, तिथला हा माणूस. यानं तुमचे आवाज न विचारता घेतलेत, आता विचारतोय. मग अन्वरी म्हणाली, "हकीम नाही? मग माझा गुडघा कुणी बरा केला?"

"तुझ्या जिभेनं," मी म्हटलं. "एवढी चालली की गुडघ्याला विसावा मिळाला."

चाकं फिरली. पहिला आवाज अन्वरीचाच. ती दचकली. "हा कोण? हा माझा आवाज? शी! ही तर माझी सासू बोलतेय!" आणि बायका अशा हसल्या की कबुतरं खरोखरच उडाली. बांगड्यांची गोष्ट ऐकताना ती स्वतःच मान डोलवत होती, दुसऱ्या कुणा बिचारीचं ऐकावं तशी. "राहू दे," म्हणाली. "खरंच बोललेय. आणि सासूच्या घरी टेलिव्हिजन नाही." एकेक करून बाकीच्यांनीही हो म्हटलं. एकीनं फक्त शिवी काढायला सांगितली, ती त्यानं काढली.

मग रशीदा लागली. तेलाचं, तांदळाचं. प्रत्येकीच्या घरात कुणी ना कुणी तेल-तांदूळ विचारणारा होता. रशीदानं ओढणी नाकापर्यंत ओढली होती. मशीन थांबलं तेव्हा ती म्हणाली, "पुसा."

अजरा तिच्याजवळ सरकली. "रशीदा, नाव नाही येणार. चेहरा नाही येणार. आणि इथं कुणी बघणार नाही. फक्त फॉरेनमध्ये दाखवणार."

"जहूर फॉरेनलाच असतो ना?" रशीदा म्हणाली. "बंदराला जहाज लागलं की खलाशी लोक चहाच्या दुकानात टेलिव्हिजन बघत बसतात. तो माझा आवाज ओळखणार नाही? त्याला हे सांगायचं असेल तर मी सांगेन. त्या पेटीनं कशाला?"

मी अजराला म्हटलं, "सांग त्याला, पुसायचं."

थोडूला अजरानं सांगितलं. त्यानं रशीदाकडे बघितलं, मान हलवली आणि चाकं मागे फिरवली. एक खटका दाबला. चाकं पुन्हा पुढे फिरली, नुसतीच, आवाज नाही. आम्ही सगळ्या त्या गप्प चाकांकडे बघत होतो. त्याचा हात खटक्यावर होता. तो त्यानं उचलला नाही. शेवटपर्यंत पुसलं. मग परत वाजवून दाखवलं. काही नाही. नुसती खरखर.

तो पेटीचं झाकण लावायला लागला तेव्हा अन्वरी म्हणाली, "रुकय्याबी, आम्ही एवढं दिलं. आमचं भांडं रिकामंच परत जाणार?"

बरोबर बोलली. आमच्यात शेजारणीचं भांडं रिकामं परत करत नाहीत. तिनं कालवण पाठवलं तर आपण दोन भाकऱ्या घालून वाडगा परत करायचा. घरात काही नसेल तर चिमूटभर साखर घालायची. रिकामं भांडं परत करणं म्हणजे तोंडावर दार लावणं. मी हे थोडूला समजावलं. म्हटलं, "तू सगळ्यांचं घेतलंस. आता तुझं घाल. इथं चटईवर बस, जिथं त्या बसतात तिथं. आणि पेटी चालू ठेव. आमचं पेटीत आहे, तुझंही असू दे."

"पत्रकार आपल्या फिल्ममध्ये स्वतः येत नाही," तो म्हणाला. "तो नियम आहे."

"नियम तुझ्या फिल्मचा. अंगण माझं आहे."

तो चटईवर बसला. उंच माणूस, गुडघे कानापर्यंत आले. आणि विचारलं कुणी, तर रशीदानं. ओढणीतून, हळू, पण नीट ऐकू येईल असं: "तुम्हाला कुठं दुखतं?"

तो गप्प. आम्हीही गप्प बसलो, त्याचंच औषध त्याला. लाँचचा भोंगा वाजला. कबुतरं परत येऊन बसली. अन्वरी तोंड उघडणार होती, मी तिला चिमटा काढला.

मग तो बोलला. पहिली काही वाक्यं त्याच्या स्वतःच्या भाषेत, ती कुणालाच कळली नाहीत. मग त्याच्या ध्यानात आलं, आणि तो अरबीवर आला. आई आहे, म्हणाला. बंदराजवळच्या गावात. पत्र पाठवलं तर पोलीस उघडतात आणि घरी येऊन तिला छळतात, म्हणून लिहीत नाही. तो कुठल्या मुलखात आहे हे तिला माहीत नाही, जिवंत आहे हेही माहीत नसेल. गावावर फिल्म काढली तेव्हा सगळ्या बायकांना विचारलं, तेव्हा तीही कॅमेऱ्यासमोर बसली होती. म्हणाली होती, सगळ्यांची पोरं कारखान्यात गेली, माझं कॅमेऱ्यात गेलं, घरी कुणाचंच येत नाही. तेवढा तुकडा त्यानं कापून टाकला. स्वतःची आई फिल्ममध्ये बरी दिसत नाही म्हणून. आता तो आवाज ऐकावासा वाटतो, तर तो कुठंच नाही.

बायकांनी ऐकून घेतलं. अन्वरी सुस्कारा टाकून म्हणाली, "जुनं दुखणं आहे हो." आणि मग सगळ्या एकदम बोलायला लागल्या, हे कर, ते कर, पीराला चादर बोल. रशीदा गप्प होती. गलका थांबल्यावर म्हणाली, "जहूरचं जहाज यूनानच्या बंदराला लागतं. तिथून टोपी आणली होती त्यानं. मी त्याला सांगेन. तोंडी निरोप पोलीस कसा उघडणार?"

आता थोडूला चहाबद्दल काही सुचेना.

जहूर सुट्टीवर आला तेव्हा थोडूनं त्याला आपल्या भाषेतलं एक वाक्य पाठ करायला दिलं. जहूरला अर्थ कळला नाही, पण खलाशी माणूस, दहा बंदरांच्या शिव्या पाठ असतात, त्यात एक वाक्य काय जड? अंगणात फेऱ्या घालून घोकायचा. रशीदा चुका काढायची. नवरा-बायको इतकं बोललेली मी पहिल्यांदा बघितली.

निघायच्या आधी थोडूनं मशीन पुन्हा लावलं आणि या वेळी आधी विचारून मला म्हणाला, "सित्त रुकय्या, इंग्रज जाणार म्हणतात. तुला काय वाटतं?"

मी पदर सारखा केला. म्हटलं, "पाहुणा ‘निघतो’ म्हणाला म्हणजे निघाला असं नसतं. चपला घालून दारात उभा राहून अर्धा तास बोलतो. गेल्यावर भांडी मोजायची. आणि पुढचा पाहुणा जिन्यात आहे का ते बघायचं."

उन्हाळा तापायच्या आत तो पेट्या घेऊन गेला. बाहेरची खोली रिकामी झाली. शुक्रवारी बायका तरीही यायच्या. आता अजरा खोक्यावर बसायची आणि विचारायची. बरी विचारते, पण गप्प बसणं तिला अजून जमत नाही.

पुढच्या हिवाळ्यात थोडू परत आला, दोन दिवसांसाठी. फिल्म कंपनीला पसंत पडली होती. तीन मुलखांत दाखवली. एका मुलखानं त्याला राहायचा कागद दिला आणि पुढची फिल्म दिली. अंगावर नवा कोट, गाल थोडे भरलेले. जहूरही त्याच आठवड्यात आलेला होता. दोघं अंगणात समोरासमोर बसले आणि आम्ही सगळ्या भिंतीला.

"भेटली का?" थोडूनं विचारलं.

"भेटली," जहूर म्हणाला. "गावात घर दाखवलं लोकांनी. मी तुमचं वाक्य म्हटलं. तिनं आधी माझ्या तोंडावर दार लावलं. मग उघडलं, मला आत ओढलं, आणि खूप वेळ ओरडली. मला एक अक्षर कळलं नाही. मग जेवायला घातलं. मी बस म्हटलं तरी घालतच होती. मग परत ओरडली. निघताना इथं, कपाळावर..." आणि तो लाजला.

"आईच होती," मी म्हटलं.

थोडू उठून गेला, भिंतीकडे तोंड करून उभा राहिला. मग परत आला आणि जेवला. पोटभर. दोनदा मागून घेतलं.

फिल्म दाखवायचं यंत्र त्यानं आणलं नव्हतं, पण तिचा आवाज पेटीत आणला होता. लावला. सुरुवातीलाच माझा आवाज, "पाहुणा निघतो म्हणाला..." आणि त्याच्यावर लगेच दुसरी एक बाई बोलायला लागली, विलायती, नाकातून. माझा आवाज खाली दबला. पुढे अन्वरी, तिच्यावरही तीच बाई. अजरा म्हणाली, "अम्मी, ती ट्रान्सलेशन करते. तिथल्या लोकांना मराठी कुठं कळतं?" मग एका जागी ती बाई गप्प झाली. रशीदाचा आवाज पुसला होता त्या जागी आता थोडू बोलत होता, अंगणातलं, आईचं, आधी त्याच्या भाषेत आणि मग अरबीत. मागे लाँचचा भोंगा. तिथं कुणी कुणावर बोललं नव्हतं. रशीदानं जहूरकडे बघितलं, जहूरनं चटईकडे.

ऐकून झालं. पेटी बंद झाली. थोडू माझ्याकडे बघत होता, हात गुडघ्यावर, पोरानं निकाल ऐकायला बसावं तसा. बाकीच्या बायकाही माझ्याकडेच बघत होत्या. मी सुपारीचं खांड तोंडात टाकलं आणि सगळ्यांना ऐकू येईल असं सांगितलं:

"थोडू, ऐक. या फिल्ममध्ये चोरीचं काही नाही, हे मी या गल्लीत कुणालाही सांगेन. काम चोख केलंस. तुझं बोलणं आहे ना, ते सगळ्यांत चांगलं, कारण तिथं तू मधे मधे विचारलं नाहीस. पण ती माझ्या डोक्यावर बसून बोलणारी बाई मला बिलकूल पसंत नाही. पुढच्या वेळी तिला माझा निरोप सांग, रुकय्याबी बोलत असताना मधे बोलायचं नाही. ज्यांना मराठी येत नाही, त्यांनी शिकून घ्यावी."